थर्सडेचा हल्ला

१८९६ साली सेंट लुई शहरातल्या अ‍ॅन्हायझर-बुश या बिअर कंपनीनं एक रंगीत चित्र छापलं आणि देशभरच्या दारूच्या गुत्त्यांमध्ये वाटलं. चित्रात जनरल कस्टर आहे. चहूबाजूंनी शत्रू, पायाशी पडलेले सोबती, मानेवर रुळणारे लांब केस आणि हातात उगारलेली तलवार. मूळ चित्र कॅसिली अ‍ॅडम्सचं. त्यावरून शिळाछाप तयार केला ऑटो बेकरनं. अमेरिकेच्या दोन पिढ्यांनी कस्टरचा शेवट झालेली लिटल बिगहॉर्नची लढाई ‘पाहिली’ ती या चित्रात, हातात ग्लास धरून. प्रत्यक्षात २५ जून १८७६च्या त्या दुपारी कस्टरचे केस आखूड कापलेले होते आणि त्याच्या रेजिमेंटनं तलवारी मोहिमेच्या वाटेवरच मागे ठेवल्या होत्या. अ‍ॅडम्सचं मूळ चित्र कंपनीनं पुढे कस्टरच्याच सातव्या घोडदळाला भेट दिलं. १९४६मध्ये टेक्सासमधल्या फोर्ट ब्लिस छावणीत आग लागली, तीत ते जळून गेलं.

त्यानंतरच्या उन्हाळ्यात दिग्दर्शक जॉन फोर्ड युटा-अ‍ॅरिझोनाच्या सीमेवर, मॉन्युमेंट व्हॅलीत, घोडदळाच्या एका अधिकाऱ्यावर सिनेमा काढत होता. ‘फोर्ट अपाची’ हे त्याचं नाव. १९४८मध्ये तो प्रदर्शित झाला. त्याच्या शेवटच्या प्रसंगातही एका चित्राची गोष्ट निघते. कर्नल थर्सडेच्या अखेरच्या हल्ल्याचं ते चित्र वॉशिंग्टनमध्ये लागलेलं आहे आणि शाळकरी पोरांनाही ठाऊक आहे. भेटीला आलेले बातमीदार त्याचं वर्णन करतात. ज्या अधिकाऱ्यासमोर ते बोलतात तो त्या लढाईला हजर होता. चित्रातलं बहुतेक सगळं खोटं आहे हे त्याला माहीत आहे, आपण प्रेक्षकांनाही माहीत आहे, कारण पाचच मिनिटांपूर्वी आपण ती लढाई पाहिलेली आहे. तो शांतपणे सांगतो, की चित्र अगदी तंतोतंत बरोबर आहे.

या एका उत्तरावरून गेली सत्तरेक वर्षं भांडणं चालू आहेत. फोर्ड खोट्याची तरफदारी करतोय की खोटं कसं रचलं जातं ते दाखवतोय? त्याकडे वळण्याआधी गोष्ट सांगायला हवी, आणि गोष्टीमागची खरी माणसंही.

सिनेमाची सुरुवात धुळीनं भरलेल्या घोडागाडीत होते. ओवेन थर्सडे आपल्या तरुण मुलीला घेऊन अ‍ॅरिझोनातल्या एका ठाण्याचा ताबा घ्यायला निघाला आहे. यादवी युद्धात हा माणूस जनरल म्हणून मिरवलेला. आता हुद्दा लेफ्टनंट कर्नल. यात सिनेमावाल्यांची अतिशयोक्ती नाही. १८६१ ते १८६५च्या युद्धात शौर्याबद्दल मानद हुद्दे सढळ हातानं वाटले गेले, स्वयंसेवक पलटणींत तर विशीतली पोरं ब्रिगेडियर झाली. युद्ध संपलं, पलटणी मोडल्या, सैन्य आटत गेलं आणि १८७४मध्ये काँग्रेसनं शिपायांची संख्या पंचवीस हजारांवर आणून ठेवली. काल ब्रिगेड हाकणारा माणूस आज दोन-तीन तुकड्यांचा धनी. वरची जागा मोकळी होईपर्यंत बढती नाही, आणि वरचे लोक मरायला तयार नाहीत. सीमेवरच्या ठाण्यात कुणी दहा-दहा, वीस-वीस वर्षं कॅप्टनच राही. लोक मात्र जुन्या मानद हुद्द्यानंच हाक मारत. थर्सडेला कुणी ‘जनरल’ म्हटलं की तो लगेच दुरुस्त करतो, आपण आता कर्नल आहोत म्हणून. त्या दुरुस्तीत नम्रता कुठे नाही. जखमेवरची खपली तो स्वतःच काढत असतो.

या भूमिकेत हेन्री फोंडा आहे. फोर्डच्याच ‘यंग मिस्टर लिंकन’मध्ये, ‘द ग्रेप्स ऑफ रॅथ’मध्ये, ‘माय डार्लिंग क्लेमंटाइन’मध्ये प्रेक्षकांनी ज्याला सचोटीचा पुतळा म्हणून पाहिलं तोच हा नट. इथे तो ताठ कण्याचा, दुसऱ्याचं नाव चुकवणारा, खुर्चीतून उठतानाही नियम पाळणारा माणूस झाला आहे. आणि एरवी पडद्यावर धटिंगण म्हणून गाजलेला जॉन वेन इथे समजूतदार कॅप्टन कर्बी यॉर्क आहे. त्याला हा मुलूख माहीत आहे, अपाचींचा सरदार कोचीसबद्दल आदर आहे. दोघांच्या भूमिकांची ही अदलाबदल फोर्डनं जाणूनबुजून केली असणार.

ठाण्यातलं जगणं दाखवताना फोर्ड अगदी रमून जातो. तो स्वतः आयरिश आई-बापांचा मुलगा, जन्मनाव जॉन मार्टिन फीनी, आणि सीमेवरच्या घोडदळात आयरिश शिपायांची मोठी भरती होती हे ऐतिहासिक सत्यच आहे. त्यामुळे त्याचं ठाणं म्हणजे एक आयरिश गावच. सार्जंट मेजर ओरॉर्कच्या घरात बायबल आहे, रंगरुटांना घोड्यावर बसायला शिकवताना मस्करी आहे, शिपाई-सार्जंटांच्या वार्षिक नाचात वरिष्ठानं सार्जंट मेजरच्या बायकोबरोबर पहिली फेरी घ्यायची असा रिवाज आहे. थर्सडे ती फेरी घेतो. नाकावरची माशी न हलवता, पण पावलं अचूक. मला संपूर्ण सिनेमात हा प्रसंग फार महत्त्वाचा वाटतो, कारण या माणसाची गोची त्यात आहे: त्याला पद्धत पाळता येते, माणसं पाळता येत नाहीत. ओरॉर्कचा मुलगा वेस्ट पॉइंटच्या लष्करी अकादमीतून लेफ्टनंट होऊन आलेला पाहून त्याला कोडं पडतं, शिपायाच्या पोराला तिथे प्रवेश मिळाला कसा? बाप शांतपणे सांगतो, मेडल ऑफ ऑनर मिळवणाऱ्याच्या मुलाला राष्ट्राध्यक्षांच्या शिफारशीनं जाता येतं. आणि थर्सडेची मुलगी नेमकी याच पोराच्या प्रेमात पडते. ती शर्ली टेंपल. पोरगा जॉन एगर, तेव्हा प्रत्यक्षातही तिचा नवरा.

मग सायलस मीचम येतो. राखीव मुलखावरचा सरकारी एजंट. अपाचींना सडकं मांस आणि पाणचट दारू विकून गब्बर झालेला. त्याच्यामुळेच कोचीस आपल्या लोकांना घेऊन मेक्सिकोत निघून गेला आहे. थर्सडेला मीचमचा तिटकारा वाटतो, तो त्याला तोंडावर तसं ऐकवतोही. पण मीचम सरकारचा माणूस आहे, म्हणून त्याचं रक्षण करणं हे आपलं कर्तव्य, असंही त्याच दमात सांगतो. थर्सडेला मूर्ख म्हणणारे पुष्कळ टीकाकार आहेत. मला तो मूर्ख वाटत नाही. तो नियमानं बरोबर आहे, पदोपदी बरोबर आहे, आणि म्हणूनच भयंकर आहे.

यॉर्क एका सार्जंटाला दुभाषा म्हणून बरोबर घेतो, सीमा ओलांडून कोचीसला भेटतो आणि शब्द देतो: परत ये, बोलणी होतील. कोचीस येतो. थर्सडे बोलणीच्या नावाखाली सगळी रेजिमेंट घेऊन निघतो. यॉर्क त्याला सांगतो, की मी शब्द दिला आहे. अपाचीला दिलेल्या शब्दाला काय किंमत, असं थर्सडेचं म्हणणं. आधी त्याला अपाचींशी लढण्यात रसच नव्हता. नाव व्हायचं तर ते सू आणि शायान टोळ्यांशी लढून होतं, असं तो मानायचा. आता कोचीसला परत आणणारा माणूस म्हणून वर्तमानपत्रांत आपलं नाव येईल हे त्याला दिसू लागतं.

रेजिमेंट ठाण्यातून बाहेर पडते तेव्हा बायका वरच्या सज्जात उभ्या असतात. कॅप्टन कॉलिंगवूडच्या बदलीचा हुकूम त्याच क्षणी आलेला आहे; त्याची बायको हाक मारून त्याला थांबवू शकते. ती मारत नाही. लांबवर बघत राहते आणि म्हणते, आता तो दिसत नाही, नुसती निशाणं दिसतायत. फोर्डनं युद्धावर जे काही सांगितलं आहे ते या एका वाक्यात आहे असं माझं मत आहे. लढाईनंतर येणारे संवाद त्यापुढे फिके आहेत.

लढाई थोडक्यात आटोपते. थर्सडे यॉर्कवर भेकडपणाचा आरोप ठेवून त्याला रसदगाड्यांपाशी टेकडीवर थांबवतो आणि चार-चारच्या रांगेत घोडे दामटत दरीत शिरतो. दोन्ही बाजूंना खडकांमागे अपाची. थर्सडे घोड्यावरून पडतो; यॉर्क खाली येऊन त्याला सोडवू पाहतो; तो यॉर्कचा घोडा आणि तलवार घेऊन परत अडकलेल्या माणसांकडे जातो, मरायला. धैर्य त्याच्याकडे होतंच. मग धुळीतून कोचीसची माणसं गाड्यांकडे येतात. कोचीस एकटा पुढे होतो, रेजिमेंटचं निशाण यॉर्कसमोर जमिनीत रोवतो आणि निघून जातो.

सिनेमाची मूळ कथा जेम्स वॉर्नर बेलाची. ‘मॅसकर’ नावानं ती फेब्रुवारी १९४७मध्ये ‘सॅटर्डे इव्हिनिंग पोस्ट’ साप्ताहिकात आली होती. बेलाच्या कथांत मूळनिवासी म्हणजे रानटी शत्रू, त्यापलीकडे काही नाही. पटकथा लिहायला फोर्डनं फ्रँक न्यूजंटला घेतलं. हा ‘न्यूयॉर्क टाइम्स’चा माजी चित्रपट समीक्षक, त्याच्या नावावर तोवर एकही पटकथा नव्हती. फोर्डनं त्याला त्या काळावरची पुस्तकं वाचायला लावली, मग सगळं विसरून प्रत्येक पात्राचं जन्मापासूनचं चरित्र लिहायला लावलं. त्यातून कोचीस माणूस झाला, मीचम चोर झाला आणि थर्सडेत तीन खरे अधिकारी येऊन मिसळले.

पहिला कॅप्टन विल्यम फेटरमन. २१ डिसेंबर १८६६, आजच्या वायोमिंगमधलं फोर्ट फिल कर्नी. लाकूडतोड्यांवर हल्ला झाला म्हणून फेटरमन तुकडी घेऊन बाहेर पडला. लॉज ट्रेल कड्यापलीकडे जायचं नाही असा ठाण्याचा प्रमुख कर्नल कॅरिंग्टनचा हुकूम होता. काही स्वार पुढे येऊन हुलकावण्या देत राहिले, तुकडी त्यांच्यामागे कडा ओलांडून गेली आणि पलीकडे दबा धरून बसलेल्या लकोटा सू, शायान आणि अरापाहो योद्ध्यांनी तिला गाठलं. ८१ माणसं गेली, एकही परतला नाही. अवघ्या ८० माणसांनिशी मी सगळं सू राष्ट्र पालथं घालीन, अशी फेटरमनची बढाई प्रसिद्ध आहे. ती छापून आली कित्येक दशकांनंतर, आणि आता बऱ्याच इतिहासकारांचा तिच्यावर विश्वास नाही. आकडा जरा जास्तच जुळून येतो, हे एकच कारण मला पुरेसं आहे. कॅरिंग्टननं कळवलं, की फेटरमन आणि त्याच्यासोबतचा कॅप्टन ब्राउन यांनी शेवटी एकमेकांना गोळ्या घातल्या. ठाण्याच्या डॉक्टरनं मात्र फेटरमनचा गळा चिरलेला होता असं सांगितलं.

दुसरा कस्टर, उघडच. १८६१मध्ये वेस्ट पॉइंटच्या ३४ जणांच्या तुकडीत शेवटचा आला आणि दोन वर्षांत, २३व्या वर्षी, गेटिसबर्गच्या लढाईच्या तोंडावर ब्रिगेडियर जनरल झाला. युद्धानंतर सातव्या घोडदळात लेफ्टनंट कर्नल. १८६७मध्ये त्याच्यावर कोर्ट मार्शल झालं आणि वर्षभर निलंबन. नोव्हेंबर १८६८मध्ये त्यानं वॉशिटा नदीकाठी ब्लॅक केटलच्या शायान गावावर भल्या पहाटे छापा घातला. १८७४मध्ये ब्लॅक हिल्समध्ये मोहीम नेली. तिथे सोनं असल्याची बातमी बाहेर पडली आणि करारानं लकोटांना दिलेल्या डोंगरांत खाणवाले घुसले. पुढचं युद्ध त्यातूनच पेटलं. १८७६च्या वसंतात त्यानं वॉशिंग्टनमध्ये काँग्रेसच्या समितीपुढे साक्ष दिली ती युद्धमंत्री बेल्कनॅपच्या भ्रष्टाचाराबद्दल. ठाण्यांवरच्या दुकानांचे ठेके विकल्याचं ते प्रकरण, म्हणजे मीचमचेच भाऊबंद. राष्ट्राध्यक्ष ग्रँट संतापले आणि कस्टरला मोहिमेतून काढायला निघाले. जनरल टेरीनं मध्यस्थी केली म्हणून तो जाऊ शकला. नाव पुन्हा झळकवायची घाई त्याला का होती हे यावरून कळतं. पण इथे एक न्याय केला पाहिजे: मीचमसारख्यांविरुद्ध जाहीर बोलणारा कस्टर या बाबतीत थर्सडेहून बरा होता.

लिटल बिगहॉर्नला त्यानं रेजिमेंट तीन ठिकाणी विभागली. समोरच्या गावात किती माणसं आहेत याचा अंदाज वाटाड्यांनी दिला होता, तो त्यानं धरला नाही. त्याच्याबरोबर गेलेल्या पाच तुकड्यांतले दोनशेवर लोक मारले गेले. रीनो आणि बेंटीन या त्याच्या अधिकाऱ्यांच्या हाताखालचे बाकीचे टेकडीवर अडकून राहिले आणि बहुतेक वाचले.

तिसऱ्याचं नाव सहसा या सिनेमाच्या संदर्भात घेतलं जात नाही, पण शब्द मोडण्याचा प्रसंग त्याचाच आहे. जॉर्ज बॅस्कम, सेकंड लेफ्टनंट, पायदळातला, वेस्ट पॉइंटहून येऊन तीन वर्षं झालेली. फेब्रुवारी १८६१मध्ये तो अपाची पास या खिंडीत आला. जॉन वॉर्ड नावाच्या शेतकऱ्याचा बाराएक वर्षांचा सावत्र पोरगा, फेलिक्स, गुरांसकट पळवला गेला होता आणि वॉर्डचा संशय कोचीसवर होता. कोचीस बायको, भाऊ, मुलगा आणि पुतण्यांना घेऊन निःशंकपणे बॅस्कमच्या तंबूत आला. पोरगा दुसऱ्याच अपाचींनी नेला असावा, मी शोधून देतो, असं त्यानं सांगितलं. बॅस्कमनं त्याला कैदी असल्याचं सांगितलं. कोचीसनं सुरीनं तंबूचं कापड फाडलं आणि शिपायांच्या मधून डोंगरात पळाला. नातेवाईक तिथेच राहिले. मग त्यानंही टपाल ठाण्यावरची माणसं धरली, अदलाबदलीची बोलणी झाली, बॅस्कम पोरगा हातात आल्याशिवाय ऐकेना. कोचीसनं आपले कैदी मारले. सैन्यानं कोचीसचा भाऊ, दोन पुतणे आणि आणखी तीन अपाची झाडाला टांगले. बायको-मुलाला सोडलं. बॅस्कमला पुढे बढती मिळाली आणि वर्षभरातच तो न्यू मेक्सिकोत व्हॅलव्हर्देच्या लढाईत पडला. फेलिक्स वॉर्ड अपाचींमध्ये वाढला आणि मोठेपणी मिकी फ्री नावानं सैन्याचा वाटाड्या झाला. त्या एका तंबूमुळे कोचीस अकरा वर्षं लढत राहिला.

सिनेमात थर्सडेची कीर्ती यॉर्कनं वाढवली. खऱ्या आयुष्यात हे काम बायकांनी केलं, आणि ते दोन उलट दिशांनी.

एलिझाबेथ कस्टर, सगळे तिला लिबी म्हणत, १८७६मध्ये ३४ वर्षांची होती. त्या वर्षअखेर फ्रेडरिक व्हिटाकरनं तिच्या मदतीनं कस्टरचं जाडजूड चरित्र काढलं आणि पराभवाचं खापर रीनोवर फोडलं. मग तिनं स्वतः लेखणी उचलली: १८८५, १८८७ आणि १८९०मध्ये तीन पुस्तकं, तिन्ही गाजलेली, तिन्हींत नवरा निष्कलंक. वेस्ट पॉइंटला १८७९मध्ये उभारलेला त्याचा पुतळा तिला पसंत पडला नाही तर तिनं तो हलवायला लावला. सैन्यातल्या अनेक अधिकाऱ्यांना कस्टरबद्दल बोलायचं होतं. खाजगी पत्रांत ते बोलतही. १८७९मध्ये शिकागोत रीनोची चौकशी झाली तेव्हा मात्र सगळ्यांनी रेजिमेंटची अब्रू सांभाळली, नेमकं यॉर्कसारखंच. पुढे तिच्या हयातीत तिला दुखवायचं नाही असा संकोच त्यांच्यात होता. तिनं ५७ वर्षं वैधव्यात काढली आणि ४ एप्रिल १९३३ रोजी, ९१वा वाढदिवस चार दिवसांवर असताना, गेली. पुढच्याच वर्षी फ्रेडरिक व्हॅन डी वॉटरचं ‘ग्लोरी-हंटर’ आलं आणि कस्टरचं पितळ पहिल्यांदा ठसठशीतपणे उघडं पडलं. तरी १९४१मध्ये वॉर्नर ब्रदर्सनं एरॉल फ्लिनला कस्टर करून ‘दे डाइड विथ देअर बूट्स ऑन’ काढलाच, आणि त्यात पुन्हा लिबीचाच कस्टर होता.

फेटरमनचं नशीब उलटं. कॅरिंग्टनवर ठपका येणार हे दिसताच त्याची बायको मार्गारेट हिनं १८६८मध्ये आठवणी छापल्या. ती वारल्यावर कॅरिंग्टननं ज्या फ्रान्सिसशी लग्न केलं, ती फेटरमनबरोबर मेलेल्या लेफ्टनंट ग्रमंडची विधवा. तिचं पुस्तक १९१०मध्ये आलं. दोन्ही पुस्तकांत नवरा शहाणा आणि फेटरमन आगाऊ. फेटरमनच्या बाजूनं लिहायला कुणी नव्हतंच. दोन अधिकारी जवळजवळ एकाच पद्धतीनं मेले. एक देवघरात बसला, दुसरा धड्यातला वाईट मुलगा झाला. एकाच्या मागे लिबी होती, दुसऱ्याच्या मागे वरिष्ठाच्या दोन बायका.

कीर्ती अशी रचली जाते हे फोर्डला कळत होतं का? बहुधा हो. १९६०च्या दशकात पीटर बोगडानोविचनं त्याला ‘फोर्ट अपाची’च्या शेवटाबद्दल विचारलं तेव्हा तो म्हणाला, की देशाला मान वर करून पाहायला नायक लागतात, ते देशाच्या भल्याचं आहे. आणि त्याच उत्तरात कस्टरला खरा नायक म्हणता येणार नाही, त्या दिवशी त्यानं मूर्खपणा केला, हेही कबूल केलं. दोन्ही वाक्यं त्याची आहेत. तो स्वतः युद्धातून आला होता: १९४२च्या जूनमध्ये मिडवे बेटावर जपानी विमानं बाँब टाकत असताना कॅमेरा घेऊन उभा होता, जखमी झाला होता. ‘दे वेअर एक्सपेंडेबल’ या सिनेमाचं आपलं मानधन त्यानं आपल्या तुकडीतल्या लोकांसाठी जागा घ्यायला वापरलं होतं. मेलेल्यांच्या सोबत्यांना सत्य ऐकवायचं कुणी, हा प्रश्न त्याच्यासाठी पुस्तकी नव्हता. म्हणून यॉर्कच्या तोंडी तो थर्सडेची नाही, तर रेजिमेंटची स्तुती घालतो: मेलेली माणसं संपत नाहीत, पलटण चालू असेपर्यंत जगतात. बातमीदार तेवढ्यातच कॉलिंगवूडचं नाव चुकवतो.

इथवर मी फोर्डच्या बाजूनं आहे. माझं अडतं ते त्यापुढे. यॉर्कनं डोक्यावर थर्सडेसारखीच टोपी घातली आहे आणि तो पुन्हा अपाचींना पकडायच्या मोहिमेवर निघालेला आहे. कोचीसला शब्द देणारा माणूस तोच. सिनेमा त्याबद्दल एक अक्षर बोलत नाही, बिगुल वाजतो, रांगा निघतात. खोटं बोलून पलटणीचं मनोबल राखलं, हे ठीक; पण राखलेलं मनोबल घेऊन ती निघाली कुणावर? त्या रांगा पाहताना फोर्डचं मन कुठे होतं यावर टीकाकार पानं खर्च करतात. मला वाटतं, त्याला दोन्ही दिसत होतं आणि त्यानं कॅमेरा रांगांवर ठेवला.

आणखी एक विसंगती: पडद्यावरचे अपाची प्रत्यक्षात नवाहो होते, मॉन्युमेंट व्हॅलीचे रहिवासी, आणि ती लाल खडकांची दरी कोचीसच्या मुलखापासून शेकडो किलोमीटर उत्तरेला आहे. ठाण्याचा सेट तर कॅलिफोर्नियात सिमी व्हॅलीत बांधला होता. आर्ची स्टाउटनं इन्फ्रारेड फिल्मवर टिपलेलं काळंभोर आभाळ आणि पांढरे ढग पाहिले की हे सगळं माफ करावंसं वाटतं.

खऱ्या कोचीसनं घोडदळाची रेजिमेंट कधी गारद केली नाही. १८७२च्या शरदात यादवी युद्धात उजवा हात गमावलेला जनरल ऑलिव्हर हॉवर्ड, टॉम जेफर्ड्स या कोचीसच्या गोऱ्या मित्राच्या मदतीनं, अगदी थोडी माणसं घेऊन ड्रॅगून डोंगरांत त्याच्या तळावर गेला. बरेच दिवस राहिला. चिरिकाहुआंना, म्हणजे कोचीसच्या अपाचींना, त्यांच्याच डोंगरांत राखीव मुलूख मिळेल आणि एजंट जेफर्ड्स असेल, असं ठरलं. कोचीस जिवंत असेपर्यंत दिलेला शब्द सरकारनं पाळला आणि कोचीसनंही पाळला. ८ जून १८७४ रोजी तो आपल्या मुलखातच वारला. त्याला कुठे पुरलं ते त्याच्या लोकांनी सांगितलं नाही. दोन वर्षांनी, म्हणजे कस्टर मेला त्याच उन्हाळ्याच्या सुमारास, सरकारनं तो राखीव मुलूख रद्द केला आणि लोकांना सॅन कार्लोसच्या ओसाड सपाटीवर हलवलं. चिरिकाहुआ लढवय्या जेरोनिमोच्या लढाया त्यातून निघाल्या. ४ सप्टेंबर १८८६ला त्यानं शरणागती पत्करली आणि चिरिकाहुआंना युद्धकैदी म्हणून आगगाडीनं फ्लोरिडाला पाठवलं गेलं, सैन्यासाठी वाटाडे म्हणून काम केलेल्यांनासुद्धा. ही कैद सत्तावीस वर्षं चालली.

आणि फोर्ट अपाची नावाचं ठाणं खरंच आहे. १८७०मध्ये ते व्हाइट माउंटन अपाचींच्या मुलखात उभारलं गेलं, अनेकदा नाव बदलून १८७९पासून फोर्ट अपाची म्हणवलं गेलं.  जनरल क्रूकनं इथल्याच अपाचींना वाटाडे म्हणून भरती केलं आणि त्यांच्या जोरावर पुढच्या मोहिमा चालवल्या. १९२०च्या दशकात सैन्य गेलं, इमारतींत मूळनिवासी मुलांसाठी सरकारी शाळा आली. १९६०मध्ये काँग्रेसनं कायदा करून ही जागा टोळीच्या वतीनं विश्वस्त म्हणून सरकारकडे ठेवली, आणि गरज असेपर्यंत ती वापरायचा हक्कही सरकारलाच दिला. सरकारनं वापर केला, डागडुजी मात्र केली नाही. टोळीनं हिशेब काढला तो सुमारे एक कोटी चाळीस लाख डॉलरचा आणि सरकारवर खटला भरला. २००३मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानं पाच विरुद्ध चार मतांनी म्हटलं, की विश्वस्तानं ठेव पडू द्यायची नसते, टोळीला नुकसानभरपाई मागता येईल. अपाचींवर पहारा ठेवायला बांधलेल्या ठाण्याची पडझड थांबवा, म्हणून अपाचीच कोर्टात गेले होते.